धार्मिक माहितीपटात दिसण्याआधी: पहिल्या फोनपासून नावपट्टीपर्यंत

दोन तास बोलून घेतात आणि पडद्यावर आपण दिसतो दीड मिनिट. माहितीपटात बोललेल्या कुणालाही विचारा, हीच तक्रार ऐकू येते. खरं तर त्यात गैर काही नाही, माहितीपट असेच बनतात. घोळ वेगळाच आहे. त्या दीड मिनिटात तुमचं कोणतं वाक्य येणार, हे खुर्चीत बसलेले तुम्ही ठरवत नाही, ते संकलनाच्या खोलीत ठरतं. आणि विषय धर्माचा असला की एकच वाक्य फार लांब जातं. श्रद्धेबद्दलचं अर्धवट वाक्य बाहेर पडलं की घरचे, सोबतचे भाविक, उपासनास्थळाचे विश्वस्त आणि तुम्ही कधी भेटणारही नाही असे कितीतरी लोक त्याचा जाब विचारायला उभे राहतात.

मी काही वर्षं त्या संकलनाच्या खोलीत साहाय्यक म्हणून काढली आणि पुढे दोन-तीनदा त्या खुर्चीतही बसलो. दोन्हीकडून पाहिल्यावर एवढं कळलं की चित्रीकरणाच्या दिवशी आपल्या हातात फारसं काही उरत नाही. जे मागायचं ते होकार देण्याआधी मागायचं आणि जे वाचवायचं ते आपल्या वाक्याच्या बांधणीत वाचवायचं. खाली जे लिहिलं आहे ते याच क्रमाने.

## पहिला फोन येतो तेव्हा

पहिला फोन बहुतेक वेळा दिग्दर्शकाचा नसतो, रिसर्चरचा असतो. बोलणं गोड असतं, तुमचा अभ्यास किंवा साधना किती मोठी आहे हे ऐकवलं जातं आणि ‘आपलं नुसतं बोलणं करू’ असं म्हणत मुलाखतीची तारीखही पक्की होते. फोनवर हो म्हणू नका. ‘मला ईमेलवर लिहून पाठवा, मग सांगतो,’ एवढंच म्हणा. चांगल्या मंडळींना याचं वाईट वाटत नाही. ज्यांना वाटतं, त्यांच्याबद्दल तुम्हाला तिथेच पुरेशी माहिती मिळाली.

ईमेलमध्ये हे विचारा:

- माहितीपटाचं सध्याचं नाव काय? ते कामचलाऊ आहे का, आणि बदललं तर मला कळवाल का?
- पैसा कोणाचा आहे? वाहिनी, ओटीटी, एखादी धर्मसंस्था की खासगी देणगीदार?
- आणखी कोण कोण बोलणार आहे? निदान कोणत्या बाजूची माणसं आहेत?
- मी कोण म्हणून हवा आहे? भाविक, अभ्यासक, पुरोहित, घटनेचा साक्षीदार, की पंथ सोडलेला माणूस?

पहिला प्रश्न उगाच नाही. २००८ साली ‘एक्सपेल्ड: नो इंटेलिजन्स अलाउड’ हा उत्क्रांतिवादावर टीका करणारा माहितीपट आला. त्यात रिचर्ड डॉकिन्स आणि पी. झेड. मायर्स या जीवशास्त्रज्ञांच्या मुलाखती आहेत. त्यांना मुलाखतीसाठी बोलावलं होतं ते ‘क्रॉसरोड्स’ नावाच्या, विज्ञान आणि धर्म जिथे भेटतात त्या विषयावरच्या माहितीपटासाठी. त्याच वर्षीच्या ‘रिलिजुलस’ या उपहासात्मक माहितीपटाचीही हीच गत. तिथे श्रद्धावानांना सांगितलेलं नाव होतं ‘अ स्पिरिच्युअल जर्नी’. म्हणजे एकदा धर्माच्या बाजूच्या लोकांनी टीकाकारांना असं बोलावलं, एकदा टीकाकारांनी भाविकांना. ही खोड कुठल्या एका बाजूची नाही, हे लक्षात ठेवा.

दुसऱ्या प्रश्नाचं महत्त्व ‘द प्रिन्सिपल’ (२०१४) या माहितीपटाने दाखवून दिलं. पृथ्वी हीच विश्वाचा केंद्रबिंदू, या जुन्या धारणेला त्यात पुन्हा बळ दिलेलं आहे. निवेदनाला आवाज दिलेल्या अभिनेत्री केट मलग्रू यांनी आपली दिशाभूल झाली असं जाहीर केलं. पडद्यावर दिसणारे भौतिकशास्त्रज्ञ लॉरेन्स क्राउस म्हणाले, की आपण त्यात कसे आलो हेच आपल्याला उमगत नाही. पैसा कोणाचा, हे आधी कळलं असतं तर बाकीचा बराच अंदाज तिथेच आला असता.

हो म्हणायला वेळ लागला तर लागू द्या. फ्रान्समधल्या ग्रांद शार्त्रूझ मठात चित्रीकरण करू द्यावं, अशी विनंती फिलिप ग्रोनिंग या जर्मन दिग्दर्शकाने १९८४ मध्ये केली. भिक्षूंनी कळवलं की आत्ता वेळ आलेली नाही. होकार आला सुमारे १६ वर्षांनी. तोही अटींसह: दिग्दर्शकाने एकट्याने यायचं, कृत्रिम प्रकाश नाही, वरून संगीत नाही, निवेदन नाही. ग्रोनिंग काही महिने मठात राहिले, भिक्षूंसारखेच, आणि २००५ मध्ये ‘इंटू ग्रेट सायलेन्स’ हा सुमारे पावणेतीन तासांचा जवळजवळ निःशब्द माहितीपट पूर्ण झाला. अटी घातल्या म्हणून माहितीपट बिघडला नाही. उलट त्या अटींनीच त्याला त्याचं रूप दिलं. तुम्हाला १६ वर्षं थांबायची गरज नाही, पण १६ दिवस मागायला लाजू नका.

## ‘मी’ की ‘आम्ही’

ईमेलचं उत्तर आलं, मन तयार झालं, की कागद घ्या आणि एकच गोष्ट लिहा: मी कुणाच्या वतीने बोलणार आहे? धर्मावर बोलताना आपल्या तोंडी ‘आम्ही’ फार सहज येतं. ‘आम्ही असं मानतो’, ‘आमच्यात असं असतं’. बोलणाऱ्याच्या मनात त्याच्या गल्लीतले पन्नास लोक असतात, पाहणाऱ्याला त्या धर्माचे कोट्यवधी लोक ऐकू येतात. संस्थेने लेखी परवानगी दिली असेल आणि तुम्ही तिचे प्रवक्ते असाल तरच ‘आम्ही’ वापरा. नाहीतर ‘मी’, ‘आमच्या घरात’, ‘मी ज्या परंपरेत वाढलो तिथे’. वाक्य थोडं लांबतं, पण अंगावर येत नाही.

संस्थेत पद असेल तर चित्रीकरणाआधी वरिष्ठांना सांगा. परवानगी नको असेल तरी सांगा. नंतर कळलं की प्रत्येक वाक्यात खोट काढली जाते.

धोक्याचा हिशेबही याच टप्प्यावर करा. माहितीपट प्रामाणिक असला म्हणजे परिणाम सौम्य होतील असं नाही. ‘जीझस कॅम्प’ (२००६) मध्ये बेकी फिशर या पाद्रीबाई लहान मुलांसाठीचं धार्मिक शिबिर चालवताना दिसतात. दिग्दर्शिकांनी आपल्याला फसवलं, अशी त्यांची तक्रार नव्हती. तरीही माहितीपट गाजल्यावर लोकांचा रोष आला, शिबिराच्या जागेची मोडतोड झाली आणि शिबिर बंद पडलं. आणि ‘राम के नाम’ (१९९२) मध्ये अयोध्येच्या वादावर शांतपणे, निर्भयपणे बोलणारे पुजारी लालदास आठवतात. १९९३ मध्ये त्यांची हत्या झाली. ती मुलाखतीमुळेच झाली असं म्हणायला आधार नाही. पण पेटलेल्या वादात चेहरा दाखवून बोलणारा माणूस कॅमेरा निघून गेल्यावर तिथेच राहतो, दिग्दर्शक मात्र पुढच्या गावी गेलेला असतो. घरच्यांशी बोलल्याशिवाय हा निर्णय घेऊ नका. परिणाम त्यांच्याही वाट्याला येणार असतात.

## सहीचा कागद

चित्रीकरणाच्या दिवशी, दिवे लागलेले, माईक लावलेला, आणि कुणीतरी क्लिपबोर्ड पुढे करतं: ‘सर, ही एक फॉर्मॅलिटी.’ ही फॉर्मॅलिटी नसते. हे संमतीपत्र म्हणजेच रिलीज फॉर्म, आणि तुमचा त्या फुटेजवरचा जवळजवळ सगळा हक्क त्यात निघून जातो. तो निदान दोन दिवस आधी मागवून घ्या.

बहुतेक फॉर्ममध्ये भाषा ठरलेली असते: सर्व माध्यमांत, सर्व देशांत (काहींत चक्क ‘संपूर्ण विश्वात’ असंही लिहिलेलं असतं), कायमसाठी, हवे ते बदल करून वापरण्याचा अधिकार. ही भाषा पाहून घाबरू नका, वाहिन्या याशिवाय काही घेतच नाहीत. मात्र पुढच्या काही ओळी जोडून मागता येतात, आणि बऱ्याचदा मिळतातही.

‘फक्त याच माहितीपटासाठी.’ ही ओळ सगळ्यांत महत्त्वाची. ती नसेल तर तुमचं न वापरलेलं दोन तासांचं फुटेज पुढे कुणालाही विकता येतं. पाच वर्षांनी दुसऱ्याच माहितीपटात, वेगळ्याच संगीताखाली, आपला चेहरा पाहायची वेळ येऊ शकते.

‘माझ्या तोंडी मी न बोललेले शब्द घालणार नाही.’ पूर्वी ही अट विचित्र वाटली असती. २०१२ मध्ये इस्लामची विटंबना करणारी एक चित्रफीत जगभर भडका उडवून गेली. तिच्यातल्या अभिनेत्री सिंडी ली गार्सिया यांना काम दिलं होतं ‘डेझर्ट वॉरियर’ नावाच्या साहसपटात. त्यांच्या संवादावर नंतर दुसऱ्याच आवाजात दुसरेच शब्द चढवले गेले. पडद्यावर त्या जेमतेम पाच सेकंद दिसतात, पण धमक्या आल्या त्या त्यांना. यूट्यूबवरून ती चित्रफीत काढावी म्हणून त्यांनी गूगलविरुद्ध कोर्टात दाद मागितली, २०१४ मध्ये अपिलात निकाल बाजूने लागला, पण २०१५ मध्ये अमेरिकेच्या अपील न्यायालयाच्या मोठ्या पीठाने सांगितलं, की एवढ्या कामावर त्यांचा स्वतंत्र कॉपीराइट होत नाही. तो माहितीपट नव्हता, पण धडा माहितीपटात बोलणाऱ्यांसाठीही आहे: कागदावर नसलेलं संरक्षण नंतर कोर्टात उगवत नाही. आता तर यंत्राने आवाजाची हुबेहूब नक्कल होते. २०२१ मध्ये अँथनी बोर्डेन या अमेरिकन शेफवरच्या माहितीपटात त्यांच्या मृत्यूनंतर काही वाक्यं अशीच तयार करून वापरली गेली. म्हणून ‘कृत्रिम आवाज किंवा चेहरा तयार करणार नाही’ हे स्पष्ट शब्दांत लिहून घ्या. भाषांतरासाठीचं डबिंग वेगळं, ते चालेल असं नमूद करा.

‘अमुक तारखेपर्यंत संमती मागे घेता येईल.’ चित्राची अंतिम जुळणी होते त्याला पिक्चर लॉक म्हणतात. त्याआधीची एखादी तारीख मागा. पंथ सोडलेल्यांनी, अत्याचाराबद्दल बोलणाऱ्यांनी ही ओळ सोडूच नये.

एक गोष्ट मात्र मागू नका, निदान मिळेल अशी आशा ठेवू नका: अंतिम संकलनावर तुमचा अधिकार. तो कुणी गंभीर दिग्दर्शक देत नाही, आणि देऊही नये. ज्याच्यावर माहितीपट आहे त्यानेच तो कापायचा असेल तर ती जाहिरात झाली. तुम्ही मागायचं ते एवढंच, की माझ्या तोंडची वाक्यं, नावं, तारखा, ग्रंथातली वचनं तपासायला दाखवा.

## वाक्य कापलं जाणार, हे धरून बोला

आता मुद्द्याचं.

एका माहितीपटात मी म्हणालो होतो, ‘हा ग्रंथ फक्त दीक्षा घेतलेल्यांनीच वाचावा, असं काही जण म्हणतात, मला ते मान्य नाही.’ पडद्यावर आलं ते एवढंच: ‘हा ग्रंथ फक्त दीक्षा घेतलेल्यांनीच वाचावा.’ आवाज माझा, चेहरा माझा, मत दुसऱ्याचं. दुष्टपणा होता का? मला तसं वाटत नाही. संकलकाला तिथे परंपरेची बाजू मांडणारं एक छोटं वाक्य हवं होतं, आणि ते त्याला माझ्याकडे आयतं सापडलं. मी स्वतः साहाय्यक असताना लोकांची वाक्यं अशीच शोधत असे, त्यामुळे फार ओरडायचा हक्कही मला नव्हता.

यात आपल्या भाषेचा एक वाटा आहे, तो समजून घ्या. मराठीत नकार शेवटी येतो. ‘हा चमत्कार खरोखर घडला असं मी म्हणत नाही.’ शेवटचे चार शब्द उडाले की उरतं ‘हा चमत्कार खरोखर घडला’, तेही व्याकरणदृष्ट्या पूर्ण. म्हणून बांधणी उलटी करा. आपलं मत आधी, दुसऱ्याचं नंतर, आणि दोन्ही अशी गुंफलेली की मधूनच कापलं तर वाक्य लंगडं व्हावं. ‘मी हा चमत्कार घडलेला मानत नाही.’ याचा शेवट कापला तर हाती काहीच लागत नाही. ‘दीक्षेची अट मला मान्य नसल्यामुळे मी हा ग्रंथ सगळ्यांना वाचायला देतो.’ हेही तसंच. संकलक पूर्ण वाक्य शोधत असतो. त्याला जे पूर्ण वाक्य सापडेल ते तुमचंच असावं, एवढी खबरदारी पुरते.

आवाजाचीही एक गंमत आहे. वाक्याच्या शेवटी आवाज खाली आला की तिथे कात्री लावायला सोपं जातं, कारण ऐकणाऱ्याला वाक्य संपल्यासारखं वाटतं. महत्त्वाच्या खुलाशाआधी आवाज खाली पाडू नका, तसाच पुढे न्या. दोन वेगळ्या ठिकाणचे तुकडे सांधून एकच वाक्य केल्यासारखं दाखवतात, त्याला या धंद्यात फ्रँकनबाईट म्हणतात. तो ओळखायचा असेल तर पडद्यावर बघा: बोलणाऱ्याचा चेहरा जाऊन मध्येच हातांचं, दिव्याचं किंवा पुस्तकाचं दृश्य आलं आणि आवाज चालूच राहिला, तर त्या दृश्याखाली सांधा असण्याची शक्यता धरा.

बाकीच्या सवयी तशा सोप्या आहेत, पण सराव लागतो.

प्रश्न बहुधा कापला जातो, म्हणून उत्तरात प्रश्न घ्या. ‘तुम्ही रोज प्रार्थना करता का?’ याला ‘हो, लहानपणापासून’ हे उत्तर निरुपयोगी. ‘मी लहानपणापासून रोज प्रार्थना करतो’ हे वापरता येतं.

आरोपाचा शब्द उचलू नका. ‘तुमचा पंथ लोकांना भुलवतो असं म्हणतात?’ यावर ‘आम्ही कुणाला भुलवत नाही’ म्हणालात की ‘भुलवणं’ हा शब्द तुमच्याच तोंडून प्रेक्षकाच्या कानात पक्का होतो. ‘आमच्याकडे येणारा माणूस केव्हाही निघून जाऊ शकतो, आणि जातातही’ असं सांगा. अर्थातच ते खरं असेल तरच. खोटं असेल तर लेख वाचून उपयोग नाही.

शांततेला घाबरू नका. उत्तर संपल्यावर मुलाखतकार मुद्दाम गप्प राहतो, तुमच्याकडे बघत. ही पोकळी भरायला आपण काहीतरी बोलतो, आणि तेच नेमकं माहितीपटात जातं. दहा सेकंद गप्प बसून पाहा. अवघड असतं, जमतं.

वाक्य चुकलं तर मध्येच थांबा. ‘हे पुन्हा घेतो’ म्हणा, श्वास घ्या, आणि सुरुवातीपासून पूर्ण वाक्य बोला. अर्धं दुरुस्त केलेलं वाक्य कुणाच्याच कामाचं नसतं. तुम्ही चुकलात तरी चित्रीकरण करणाऱ्यांना त्रास होत नाही. त्यांना त्रास होतो तो अर्धवट दुरुस्तीचा.

वचन उद्धृत करायचं असेल तर पाठ असलं तरी कागदावर आणा: मूळ शब्द, ग्रंथ, अध्याय, आणि तुम्हाला मान्य असलेलं भाषांतर. कॅमेऱ्यासमोर पाठांतर दगा देतं, आणि धर्मग्रंथातला एक शब्द चुकला तर बाकीच्या दोन तासांबद्दल कुणी बोलत नाही.

आपल्या फोनवर, उघडपणे सांगून, आवाज रेकॉर्ड करा. भांडायला नको, आठवायला. सहा महिन्यांनी आपण काय म्हणालो होतो हे कुणालाच नक्की आठवत नाही.

## कपडे, माईक, खुर्ची

बारीक रेघांचे किंवा चौकड्यांचे कपडे नकोत, पडद्यावर ते लहरतात. पांढराशुभ्र रंग दिव्याखाली चकाकतो. पण तुमच्या परंपरेचा पोशाखच पांढरा असेल तर आधी सांगा, कॅमेरामन प्रकाश जुळवून घेतो. तुम्ही पोशाख बदलायची गरज नाही. चष्म्याच्या काचेवर दिवा दिसतो का, ते विचारा.

कॉलर माईक छातीपाशी असतो. जपमाळ, क्रूस, बांगड्या त्याला लागल्या की प्रत्येक हालचालीला खडखड ऐकू येते. आणि मधल्या सुट्टीत माईक काढून ठेवा. तो चालूच असतो. चहा पिता पिता शेजारच्या संस्थेबद्दल जे बोलाल ते ध्वनिमुद्रण करणाऱ्याच्या कानात थेट जातं.

नजर मुलाखतकाराकडे ठेवा, कॅमेऱ्याकडे नाही, तसं सांगितलं असल्याशिवाय. शेवटी ‘रूम टोन’ म्हणून अर्धा मिनिट सगळ्यांना गप्प बसवतात. तो खोलीच्या शांततेचा नमुना असतो, संकलनात सांधे बुजवायला लागतो. तेवढा वेळ चुळबूळ करू नका.

पाठीमागे काय दिसतं ते स्वतः मॉनिटरवर पाहा. मूर्ती अर्धी कापलेली, ग्रंथ जमिनीवर, पवित्र चिन्हावर माईकची केबल. चित्रीकरण करणाऱ्यांना यातलं काहीच खटकत नाही, तुमच्या लोकांना पहिल्या सेकंदात खटकतं.

## उपासना चित्रित करू द्यायची का

मुलाखतीपेक्षा जास्त घोळ इथे होतो. मुलाखत संपली की दिग्दर्शक म्हणतो, ‘आता तुमची प्रार्थना थोडी घेऊ.’ कॅमेरा लागतो, तुम्ही डोळे मिटता, आणि आवाज येतो, ‘छान, आता हेच दुसऱ्या बाजूने.’

दुसऱ्यांदा केलेली प्रार्थना ही प्रार्थना आहे की अभिनय? याचं उत्तर मी देणार नाही. ते तुमचं तुम्हीच आदल्या दिवशी ठरवा. काही परंपरांत विधी अर्धवट सोडता येत नाही, काहींत पुन्हा करता येत नाही, काहींत परक्याने पाहणंही वर्ज्य असतं. चित्रीकरण करणाऱ्यांना हे माहीत असेल असं धरू नका. सरळ तीन याद्या करून द्या: हे चित्रित करा; हे करा, पण एकदाच, मी थांबणार नाही; हे अजिबात नको. तिसऱ्या यादीची कारणं द्यायला तुम्ही बांधील नाही.

कॅमेऱ्यासाठी काही मुद्दाम करून दाखवत असाल तर तसं दिग्दर्शकाला सांगा आणि माहितीपटातही तसं कळू द्या अशी विनंती करा. नुसती कटअवेची दृश्यं, म्हणजे दिवा लावणं, पानं उलटणं, पायऱ्या चढणं, ही निरागस असतात. पण एरवी पहाटे होणारा विधी दुपारी केलात तर जाणकार लोक सावल्यांवरून ओळखतात. मी ओळखलेला आहे.

आणि तुमच्या मागे बसलेली माणसं? तुम्ही सही केली, त्यांनी नाही. १९७२ च्या ‘मार्जो’ या ऑस्कर मिळालेल्या माहितीपटात मार्जो गॉर्टनर हा धर्मोपदेशक कॅमेऱ्याला खुलेपणाने सांगतो, की आपला विश्वास नाही, हा सगळा धंदा आहे. त्याच माहितीपटात त्याच्यासमोर रडणारे, देहभान हरपलेले भाविक दिसतात, आणि त्यांना यातलं काही माहीत नव्हतं. माहितीपट मोठा आहे, पण त्या चेहऱ्यांकडे पाहताना मला अजूनही अवघडल्यासारखं होतं. सामूहिक उपासनेचं चित्रीकरण असेल तर दारावर ठळक सूचना लावायला सांगा, ज्यांना दिसायचं नाही त्यांच्यासाठी कॅमेऱ्याबाहेरची एक बाजू राखून ठेवा आणि मुलांसाठी पालकांची लेखी परवानगी घ्यायला लावा. शोकात, आजारात किंवा कबुलीजबाबात असलेल्या माणसावर कॅमेरा वळला तर मध्ये उभे राहा. यजमान तुम्ही आहात.

## चेहरा दाखवायचा नसेल तर

‘चेहरा धूसर करू’ एवढ्यावर समाधान मानू नका. ओळखीची माणसं आवाजावरून, हातांवरून, अंगठीवरून, खिडकीबाहेरच्या झाडावरून ओळखतात. आवाज दुसऱ्याचा असावा, जागा तटस्थ असावी, हातही दिसू नयेत, आणि तुमच्या कहाणीतल्या ओळख पटवणाऱ्या गोष्टी, म्हणजे वर्ष, पद, भावंडांची संख्या, बदलल्या जाव्यात किंवा गाळल्या जाव्यात असं लिहून घ्या. ‘वेलकम टू चेचन्या’ (२०२०) या माहितीपटात जिवाला धोका असलेल्यांच्या चेहऱ्यांवर स्वयंसेवकांचे चेहरे संगणकाने चढवले होते. हावभाव राहिले, ओळख गेली. तो धार्मिक माहितीपट नव्हे, पण पंथ सोडलेल्यांसाठी हा मार्ग आता आहे, तो विचारून पाहा. शिवाय मूळ, न झाकलेलं फुटेज कुठे राहणार आणि कोण पाहणार, हेही विचारा. सगळं झाकून शेवटी श्रेयनामावलीत ‘विशेष आभार’ म्हणून खरं नाव छापलं जाणं, हे चेष्टेने सांगत नाही, शक्य असतं. तपासा.

## नावपट्टी आणि भाषांतर

पडद्याच्या खालच्या भागात नाव येतं ती नावपट्टी. तिच्यातल्या तीन-चार शब्दांवरून प्रेक्षक तुमच्याबद्दल काय ते ठरवून मोकळा होतो. ‘धर्माभ्यासक’, ‘धर्मगुरू’, ‘अनुयायी’, ‘माजी अनुयायी’, ‘स्थानिक भाविक’. यातला प्रत्येक शब्द तेच वाक्य वेगळं करून ऐकवतो. तुम्हाला हवा असलेला मजकूर, नावाच्या अचूक अक्षरांसह, ईमेलने पाठवा. अभ्यासक असाल आणि श्रद्धावानही असाल तर पट्टीवर दोन्ही मावणार नाही. एक निवडा आणि दुसरं बोलण्यात सांगा.

सबटायटल दुसऱ्या भाषेत असणार असेल तर तुमच्या वाक्यांचं भाषांतर आधी मागा. धर्माचे शब्द भाषांतरात हमखास घसरतात. ‘श्रद्धा’, ‘भक्ती’, ‘कृपा’, ‘पाप’, ‘दर्शन’ यांना परक्या भाषेत मिळणारा सोपा प्रतिशब्द बहुतेक वेळा शेजारच्या धर्मातून आलेला असतो. मुलाखतीनंतर लगेच दहा-बारा शब्दांची यादी अर्थासह पाठवलीत तर भाषांतर करणारा तुमचे आभारच मानेल, कारण त्याला ते काम रात्रीतून करायचं असतं.

## प्रदर्शनानंतर

पहिल्यांदा माहितीपट एकट्याने किंवा घरच्यांसोबत पाहा, गर्दीत नको. आपला चेहरा आणि आवाज सहन करण्यातच पहिली फेरी जाते. दुसऱ्या फेरीत वही घेऊन बसा आणि आपली वाक्यं आपल्या रेकॉर्डिंगशी ताडून पाहा.

चूक सापडली तर ती कोणत्या जातीची आहे ते पाहा. नाव, तारीख, वचन चुकलं असेल तर दिग्दर्शकाला लिहा. पुढच्या प्रतीत दुरुस्ती होते. अर्थ उलटा झाला असेल तर मिनिट-सेकंदासह लिहा, मूळ वाक्य जोडा आणि एक आठवडा थांबा. ‘मी मुद्दा पाच मिनिटं मांडला, त्यांनी वीस सेकंद ठेवला’ ही चूक नव्हे. निष्कर्षाशीच मतभेद असेल तर जाहीरपणे, थोडक्यात, स्वतःच्या नावाने लिहा. २००७ मध्ये येशूच्या कथित कबरीवरचा माहितीपट आला, तेव्हा त्यात बोललेले अभ्यासक फ्रान्स्वा बोव्हाँ यांनी असंच केलं: आपण काय म्हणालो आणि त्यावरून काढलेला कोणता अर्थ आपल्याला मान्य नाही, हे लेखी मांडलं. आरडाओरडा नाही. आज कुणी तो विषय धुंडाळला तर माहितीपटासोबत तो खुलासाही सापडतो.

एकाहून जास्त माहितीपटांत दिसायला लागलात की वही ठेवाच. प्रत्येक वेळेसाठी: चित्रीकरणाची तारीख, सांगितलेलं नाव, प्रदर्शित झालेलं नाव, संमतीपत्राची प्रत, नावपट्टीवरचा मजकूर, आपण दिसतो ती मिनिटं, भाषा, आणि आपलं मूळ रेकॉर्डिंग कुठे ठेवलं आहे ते. आयएमडीबीसारख्या सूचींमध्ये माहितीपटात स्वतः म्हणून दिसलेल्यांची नोंद ‘सेल्फ’ या सदरात होते आणि जुनं फुटेज पुन्हा वापरलं गेलं तर ‘आर्काइव्ह फुटेज’ या वेगळ्या सदरात. वर्षातून एकदा दुसरं सदर उघडून पाहा. तिथे तुम्ही कधी नावही न ऐकलेल्या माहितीपटाची ओळ दिसली, तर संमतीपत्राची ती प्रत काढा आणि ‘फक्त याच माहितीपटासाठी’ ही ओळ तिच्यात आहे का ते बघा.